राहू द्या, तुम्हाला वेळ लागेल

२८ जून, शनिवार. डंडॉक, आयर्लंड

ही वही शर्वाणीनं दिली. म्हणाली, आई, इथं दिवस लांबलचक असतो, तुला करमणार नाही, लिहीत जा. मी म्हणलं, बाई, मी चौथी पास, काय लिहू? म्हणाली, बोलतेस तसं लिही. बोलायला मला कधी कमी पडलेलं नाही. कराडला आमच्या गिरणीत दळण घेऊन आलेली बाई पिठाबरोबर गावातल्या चार बातम्या घेऊनच घरी जायची. गिरणीच्या घरघरीच्या वरताण बोलायची सवय, म्हणून माझा आवाज मोठा. इथं शेजारचे लोक खिडकीतून बघतात, भांडण चाललंय का म्हणून.

मला येऊन आठवडा झाला. लेकीचं घर छान आहे, नात मुक्ता आठ वर्षांची, मराठी सगळं समजतं पण उत्तर इंग्रजीत. कपाटाला प्रेस म्हणते. मी आधी इस्त्री शोधत बसले.

आज विहीणबाई आल्या. म्हणजे जावई राजस यांच्या आई, पद्मिनीबाई, पुण्याच्या शाळेतल्या निवृत्त मुख्याध्यापिका. थोरल्या मुलाकडं दुबईला होत्या, तिथूनच आल्या. बूट काढायच्या आधी म्हणाल्या, "मी व्हिजा दुबईहूनच काढला, विहीणबाई. तुमच्यासारखं रांगेत तिष्ठायला नको."

मी दोनदा पुण्याला जाऊन रांगेत उभी राहिले होते, बोटांचे ठसे दिले होते. मी नुसती हसले. हसायला मला येतं. विसरायला येत नाही.

३० जून, सोमवार

काय विसरले नाही ते लिहूनच टाकते, म्हणजे वहीला कळेल.

अकरा वर्षं झाली. शर्वाणी-राजसचं रजिस्टर लग्न, पुण्याच्या ऑफिसात. तीन साक्षीदार लागतात, त्यात एक मी, असं ठरलेलं. शर्वाणीचे बाबा आधीच गेलेले, मग तिच्याकडून कोण? मीच. मी आठ दिवस कॅलेंडरच्या मागं सही गिरवली. द्वारका विष्णू मोहिते. मोहितेतला हि नीट येईना, तो बसवला. नवी साडी नेसले, नखातलं पीठ काढलं. साहेबांनी रजिस्टर पुढं केलं, मी पेन घेतलं, द्वा काढला, तेवढ्यात पद्मिनीबाईंनी माझ्या हातातून पेन काढून घेतलं.

"राहू द्या, विहीणबाई. तुम्हाला वेळ लागेल. साहेबांची पुढची लग्नं खोळंबलीत."

आणि त्यांच्या भावानं, प्रकाशरावांनी, माझा द्वा खोडून सही ठोकली. सगळे हसले. वाईट नाही हो हसले, लग्नात हसतात तसंच. पण माझ्या लेकीच्या लग्नाच्या कागदावर मी म्हणजे एक खोडलेला द्वा आहे.

तेव्हापासून ते वाक्य मी जपून ठेवलंय. परत करायचंय. भाजी निवडताना म्हणून बघते, आंघोळ करताना म्हणून बघते. आवाज कुठं चढवायचा तेही ठरलंय.

आता आजचं. मुक्ताचा समर कॅम्प सुरू झाला. दुपारी तिला आणायला आम्ही दोघी जातो. दाराशी एक पोरगी कागद धरून असते, मूल घेऊन जाणाऱ्यानं सही करायची. पद्मिनीबाईंनी झटक्यात सही केली आणि मुक्ताची पिशवी माझ्या हातात दिली. पिशवी धरायला मी.

२ जुलै, बुधवार

मोठी बातमी! मला सत्तर पूर्ण झाली म्हणून राजसनी भेट दिलीय. एका दिवसाची सहल, बेलफास्टला. पलीकडच्या उत्तर आयर्लंडची राजधानी, पण तासाभरावर. देश दुसरा, पैसे दुसरे, आणि तिथं इंग्लंडचा राजा. बारा जणांची छोटी बस, बरोबर माहिती सांगणारा माणूस. एकोणीस तारीख, शनिवार.

मी एवढी खूश झाले की राजसना लहान मुलासारखं कुरवाळलं. मग म्हणाले, "तुम्ही दोघी जा. आईला पण हवापालट."

माझा चेहरा बहुतेक पडला. शर्वाणी बघत होती.

स्वतः का येत नाही विचारलं, तर म्हणे आम्हाला जाता येत नाही. सहा वर्षं इथं राहतायत, कर भरतायत, बॉर्डर दहा मिनिटांवर, पण इथल्या कार्डावर पलीकडं जाता येत नाही. वेगळा व्हिजा काढावा लागतो. "तुम्हा पाहुण्यांना मात्र चालतं," राजस म्हणाले. कमाल आहे. घरच्याला अडवा, पाहुण्याला सोडा.

५ जुलै, शनिवार

आज मराठी लोकांचं जेवण होतं, शाळेच्या हॉलमध्ये. प्रत्येकानं एकेक पदार्थ आणायचा. मी भाजणीचं थालीपीठ केलं. भाजणी मी कराडहून आणलीय, माझ्या गिरणीची. संपलं सगळ्यात आधी. पद्मिनीबाईंचं ढोकळ्यासारखं काहीतरी होतं ते उरलं. मी मोजत नव्हते, पण आठ तुकडे उरले.

तिथं स्वरूपा भेटली. नागपूरची पोर, इथल्या दवाखान्यात डॉक्टर. तिला यंदा इथला पासपोर्ट मिळाला म्हणून तीही त्याच बसनं बेलफास्टला येतेय. मी म्हणलं मी पाहुणी, मला चालतं. तर म्हणाली, "काकू, व्हिजावर बी-आय-व्ही-एस लिहिलंय ना बघा. ती चार अक्षरं असली तरच. भारतातून व्हिजा काढलेल्यांना मिळतात. माझी आई अबुधाबीला भावाकडे होती, तिथून व्हिजा काढला, तर तिच्यावर नव्हती. ती नाही जाऊ शकली."

मी हातातली ताटली खाली ठेवली.

"दुबईहून काढला तर?"

"तेच ना काकू."

पलीकडं पद्मिनीबाई कुणाला तरी सांगत होत्या की बेलफास्टमध्ये काय काय बघायचं. मी त्यांच्याकडं बघून हसले. त्याही हसल्या. बिचाऱ्या.

६ जुलै, रविवार

आज आषाढी, उपास. उपासाच्या दिवशी मनात वाईट आणू नये, म्हणून वाईट विचार मी उद्यावर ठेवला आणि आज फक्त खात्री करून घेतली.

सगळ्यांचे पासपोर्ट वरच्या प्रेसमध्ये निळ्या फाइलीत असतात. विहीणबाई अंघोळीला गेल्यावर मी मुक्ताला म्हणलं, चल, खेळ खेळू, दोन्ही आज्यांच्या पासपोर्टातल्या व्हिजाच्या चिठ्ठीत फरक शोध. पोरगी हुशार. बोट ठेवून वाचलं. माझ्यावर चार अक्षरं आहेत. दुसरीवर ती जागा कोरी.

"इट्स नॉट देअर, आजी."

"कुणाला सांगायचं नाही."

"इज इट अ सरप्राइज?"

"लई मोठं."

साबुदाण्याची खिचडी आज अशी मोकळी झाली, दाणा न दाणा सुटा. मन प्रसन्न असलं की हात बरोबर चालतो.

९ जुलै, बुधवार

पद्मिनीबाईंनी वही केलीय. रोज संगणकावरून वाचून टिपणं काढतात. इतिहास-भूगोल शिकवायच्या ना. समुद्रात बुडालेलं ते मोठं जहाज बेलफास्टलाच बांधलं होतं, तीस वर्षं मुलांना त्याची गोष्ट सांगितली म्हणे. "मी सगळं समजावून सांगेन तुम्हाला. तुम्ही फक्त माझ्यामागोमाग या."

माझ्यासाठी रेनकोटही आणला, निळा, माझ्या मापाचा. म्हणजे पाऊस आला तर अंगावर काही घ्यावं एवढीही अक्कल मला नाही, असं त्यांना वाटतं. बाह्यांची लांबीसुद्धा बरोबर आहे. कधी मोजली कोण जाणे.

आज कॅम्पवर सही परत त्यांनीच केली. मी मागून बघितली. सही म्हणजे नुसती एक वेटोळी रेघ. त्यात नाव कुठंय?

१४ जुलै, सोमवार

जेवताना राजस म्हणाले, नागरिकत्वाचा अर्ज शेवटच्या टप्प्यावर आहे. "एवढ्यात कुणाच्याच कागदपत्रांत काही गडबड नको." कधीकधी परत येताना गार्डा, म्हणजे इथले पोलीस, बस थांबवून कागद बघतात.

माझा बेत असा होता की बसनं बॉर्डर ओलांडावी आणि मग मी त्यांना सांगावं, म्हणजे दिवसभर त्यांचा जीव टांगणीला. आता तसं नको. त्या पकडल्या गेल्या तर लेकी-जावयाची सहा वर्षं मातीत. मुक्ताचीही.

म्हणजे त्यांना बसमध्ये चढू द्यायचंच नाही. पण आज सांगायचं की बसच्या दारात, हा प्रश्न आहे. आज सांगितलं तर त्या आरामात म्हणतील, बरं, राहिलं. मग माझं वाक्य कुठं बसवू?

बसच्या दारातच.

चांगली बाई असं करत नाही, हे मला कळतंय. पण चांगली बाई होऊन मी अकरा वर्षं बघितली. काही मिळालं नाही.

१८ जुलै, शुक्रवार

उद्या. जीव थाऱ्यावर नाही, सणाच्या आदल्या दिवशीसारखं झालंय.

पद्मिनीबाईंनी दुपारभर दशम्या केल्या, दुधातल्या. दोन डबे भरले, दोन्हींत लिंबाचं लोणचं. साडीला इस्त्री केली. नवे बूट घालून घरात फिरून बघितलं. मग माझ्यापाशी येऊन बसल्या.

"विहीणबाई, दुबईला पाच महिने बाविसाव्या मजल्यावर होते. नातवाचा डबा, नातवाचा अभ्यास. खाली उतरले असेन चारदा. आयुष्यभर नकाशावर छडी ठेवून पोरांना जग दाखवलं. पाय कुठं ठेवलाय मी? उद्या पहिल्यांदा."

माझ्या तोंडाशी आलं होतं. खरंच. देवाशपथ. मी म्हणलंसुद्धा, "अहो, तो तुमचा व्हिजा..."

"ते मी बघते," त्या म्हणाल्या. "उद्या तुमचा पासपोर्टही माझ्याकडेच द्या. तुमच्याकडून हरवेल."

मी तोंड मिटलं. आता देवसुद्धा मला काही म्हणू शकत नाही.

१९ जुलै, शनिवार

आजचं लिहायला वही पुरेल का बघू.

सकाळी आठला राजसनी आम्हाला बसच्या जागी आणलं, बस सुटेपर्यंत थांबलेही. स्वरूपा आलेली. बस पांढरी, दारात डर्मट म्हणून माणूस, ड्रायव्हरही तोच आणि माहिती सांगणाराही तोच. लाल नाक, मोठं पोट, आवाज माझ्यासारखा. मला लगेच आवडला. त्यानं विचारलं, सगळ्यांकडं उत्तरेत चालेल असा व्हिजा आहे ना, ती जबाबदारी तुमची. स्वरूपानं मराठीत सांगितलं.

पद्मिनीबाई पुढं झाल्या, फाइल उघडली. मी त्यांच्या हातावर हात ठेवला. काळीज असं उडत होतं की गिरणीचा पट्टा सुटावा. आणि म्हणलं, जसं ठरलं होतं तस्संच:

"राहू द्या, विहीणबाई. तुम्हाला वेळ लागेल."

त्यांनी माझ्याकडं बघितलं. "काय झालं?"

त्यांना आठवलंच नाही!

अकरा वर्षं मी ते वाक्य मुरवत ठेवलेलं, आणि त्या बघतायत, जसं मी बटाटे काय भाव विचारलं. मी परत म्हणलं, "वेळ लागेल तुम्हाला." चेहरा कोरा.

मग दुसरं काय करणार, पासपोर्ट उघडून दाखवला. माझी चार अक्षरं, त्यांची कोरी जागा. स्वरूपा म्हणाली, अरे बापरे. राजस कपाळाला हात लावून म्हणाले, "आई, माझी चूक. मी बघायला हवं होतं." त्यांनी आळ स्वतःवर घेतला आणि मी घेऊ दिला. ते लिहून ठेवते.

पद्मिनीबाई एवढ्या बायका-पुरुषांसमोर नव्या बुटांत उभ्या राहिल्या. फाइल नीट बंद केली, दोनदा. मग माझ्या हातात डबा दिला, रेनकोट दिला आणि ती टिपणांची वही दिली.

"आठव्या पानावर जहाजाचं आहे," म्हणाल्या. "चष्मा लावून वाचा."

बस सुटली. मागच्या काचेतून त्या दिसत होत्या. मी जिंकले होते. मी स्वरूपाला म्हणलं, किती छान ऊन पडलंय. पडलं नव्हतं.

आता बेलफास्ट. बॉर्डर कधी आली विचारलं, तर स्वरूपा म्हणाली, गेलीसुद्धा. ना फाटक, ना पाटी धड. रस्त्याच्या कडेची रेघ पिवळी होती ती पांढरी झाली, एवढंच. एवढ्याशा रेघेपायी ती बाई मागं राहिली. म्हणजे, राहिली ते बरंच झालं.

जहाजाचं घर, म्हणजे त्याचं संग्रहालय, बघितलं, चांदीच्या पत्र्यासारखं चकचकीत. मी आठवं पान उघडलं. मोठ्या अक्षरात लिहिलेलं, ओळीओळीत जागा सोडून, अवघड शब्द टाळून. पानाच्या वर "विहीणबाईंसाठी". मला बालवाडीतली समजते ही बाई. पण समजलं मात्र सगळं. किती खिळे, किती माणसं, किती वर्षं. मी स्वरूपालाच सांगत सुटले.

दशम्या बसमध्ये सगळ्यांना दिल्या. डर्मटनं तीन खाल्ल्या, ग्रँड ग्रँड म्हणत. कुणी केल्या विचारलं. मी म्हणलं, आमच्यात करतात.

दुपारी त्यानं ती भिंत दाखवली. गावाच्या मधोमध, तीन माणसं उंच. दोन बाजूंना दोन धर्मपंथांचे लोक, दोन्ही ख्रिस्तीच. पूर्वी एकमेकांना मारायचे. आता मारत नाहीत, पण भिंत आहे, आणि संध्याकाळी फाटकं अजून बंद करतात. घरांच्या भिंतींवर मेलेल्या माणसांची चित्रं, खाली साल घालून. या अंगाला ह्यांची, त्या अंगाला त्यांची. इंग्लंडहून आलेली एक बाई म्हणाली, एवढी वर्षं कसं काय लक्षात ठेवतात? मी मनात म्हणलं, बाई, त्यात काय अवघड आहे? मला तर माहेरी आल्यासारखं वाटलं.

स्वरूपाकडून डर्मटला विचारलं, तुझं घर कुठल्या अंगाला होतं? त्यानं एका बाजूला बोट केलं. मग म्हणाला, बायको त्या बाजूची. चौतीस वर्षं भांडतोय, एकाच स्वयंपाकघरात.

भिंतीवर जगभरातल्या लोकांनी नावं लिहिलीयत, पाहुण्यांनी तिथं सही करायची रीतच आहे. डर्मटनं जाड काळी पेनं वाटली. माझ्या हातात एक आलं.

मी द्वा काढला.

आणि थांबले. सवयीनं. कुणीतरी हात पुढं करील म्हणून. कुणी केला नाही. बाकीच्यांच्या सह्या झाल्या होत्या, सगळे बसकडं निघालेले, ते थांबले. डर्मट म्हणाला, "टेक युवर टाइम, लव्ह." त्याचा अर्थ स्वरूपानं सांगायच्या आधी मला कळला.

मी वेळ घेतला. द्वारका विष्णू मोहिते. हि असा बसवला की कराडच्या शाळेतल्या बाईंनी पाठ थोपटली असती. खाली लिहिलं, गिरणीवाल्या, कराड. भिंत खडबडीत, हात दुखला, पण एक अक्षर हललं नाही.

मग मला सुचलं. असं सुचलं की मी मोठ्यांदा हसले. माझ्या नावाखाली मी लिहिलं: पद्मिनी. आणि पुढं: यांना वेळ नव्हता म्हणून सही मी केली.

अकरा वर्षांनी फिटलं. माझ्या जागी त्यांच्या माणसानं केली, त्यांच्या जागी मी केली. मुळात बोलून दाखवायची गोष्टच नव्हती ती, करून दाखवायची होती. स्वरूपानं फोटो काढून शर्वाणीला पाठवला. तिनं विचारलं, "काकू, डोळ्यात काही गेलं का?" भिंतीची धूळ असते.

घरी आले तेव्हा उजेड होता. पद्मिनीबाई स्वयंपाकघरात मटार सोलत होत्या. नवे बूट दाराशी, पुसून ठेवलेले. मी शर्वाणीच्या फोनवर तो फोटो मोठा करून त्यांच्यापुढं धरला. त्यांनी चष्मा काढला, पुसला, लावला. पहिली ओळ वाचली. दुसरी. शेवटची वाचून फोन खाली ठेवला.

पुढची शेंग उचलली. मग म्हणाल्या, "प्रकाशनं केली होती ना. रजिस्ट्रारच्या ऑफिसात."

"हो."

"तुम्ही द्वा काढला होतात."

"हो."

"मला घाई फार असायची," एवढंच म्हणाल्या. माफी बिफी काही नाही. हेडमास्तरीणच ती. मग विचारलं, "जहाज बघितलंत?"

"खिळे तीस लाख," मी म्हणलं.

त्यांनी मटारचं ताट माझ्याकडं सरकवलं. मीही सोलायला बसले. नंतर शर्वाणीनं मला जिन्यात गाठून विचारलं, आई, तुला व्हिजाचं आधी माहीत होतं ना? मी म्हणलं, पाय फार दुखतायत गं.

२१ जुलै, सोमवार

मुक्तानं तो फोटो छापून आणायला लावला, फ्रिजवर चिकटवला. आल्यागेल्याला तीच वाचून दाखवते, मराठी! अक्षर अक्षर जोडून. "वेळ नव्हता म्हणून" इथं दर वेळी अडते आणि पद्मिनीबाई दर वेळी पुढचा शब्द सांगतात.

दुपारी कॅम्पला गेलो. कागदवाली पोरगी उभी. पद्मिनीबाईंनी पेन घेतलं आणि माझ्यापुढं धरलं. मुक्ताची पिशवी स्वतःच्या खांद्यावर टाकली.

"करा," म्हणाल्या.

मागं सात-आठ आया रांगेत होत्या. एकीच्या कडेवर मूल रडत होतं. मी चष्मा काढला, पदरानं पुसला, लावला. पेन हातात नीट धरलं. द्वारका. विष्णू. मोहिते. मग वाटलं, जागा आहे अजून, म्हणून कराडही लिहिलं. जिल्हा सातारा.

पद्मिनीबाई एका पायावरून दुसऱ्या पायावर झाल्या. घड्याळ बघितलं. ओठ उघडले, मिटले. मला सगळं दिसत होतं, तिरक्या नजरेनं.

मग मी हि पुन्हा एकदा गिरवला. उद्याही मीच करणार आहे.